आमच्या गल्लीतले दुसरे डॉक्टर

डॉक्टरकाका नाडी अंगठ्याने पाहत. पलंगाच्या कडेला बसायचं, हिरॉइनच्या आईचं मनगट हातात घ्यायचं, अंगठा दाबायचा आणि नजर छताकडे लावायची, अशी त्यांची पद्धत होती. छताकडे बघून झालं की पेशंट राहणार की जाणार हे ते सांगत, आणि ते कधी चुकत नसे, कारण संवाद आधीच लिहिलेला असे. माझे वडील जयपूरच्या सरकारी इस्पितळात खरेखुरे डॉक्टर होते. काकांचा सिनेमा त्यांनी पहिल्यांदा पाहिला तेव्हा ते खुर्चीत सारखे चुळबुळत होते. घरी आल्यावर टोपीसुद्धा न काढता ते शेजारी गेले आणि म्हणाले, "यशवंतराव, नाडी अंगठ्याने बघत नाहीत. अंगठ्याला स्वतःचे ठोके असतात. पेशंटचे म्हणून तुम्ही आपलेच मोजाल."

काका शांतपणे म्हणाले, "बरंच की डॉक्टर. पेशंट गेला तरी डॉक्टर जिवंत आहे एवढी खात्री पटते."

सिविल लाइन्सच्या मागच्या अंगाला एका गल्लीत दोन जोडघरं होती, मध्ये एकच भिंत. एका बाजूला आम्ही, मूळचे नागपूरचे. दुसऱ्या बाजूला शरयूमावशी आणि त्यांचे यजमान, म्हणजे हे काका. मावशी मुलींच्या कॉलेजात संस्कृत शिकवायच्या. नोकरी त्यांची, घर त्यांच्या नावावर, आणि काका त्यांच्याबरोबर आलेले. ते सांगलीचे. तरुणपणी नाटक कंपनीत होते. कंपनी बुडाली तेव्हा मुंबईला जाऊन सिनेमात शिरले. पहिल्याच सिनेमात ठरलेला नट आला नाही म्हणून यांच्या अंगावर काळा कोट चढवला, गळ्यात नळी अडकवली आणि डॉक्टर म्हणून उभं केलं. तो कोट पुढे त्यांच्या अंगावरून उतरलाच नाही. मुंबईहून तार आली की ते गाडीत बसत, कुणाला तरी मारून किंवा वाचवून चार दिवसांत परत येत आणि पुन्हा स्वयंपाकाला लागत. बायको कॉलेजात आणि नवरा चुलीपाशी हे त्या काळात आमच्या गल्लीला नवीन होतं. पण माणूस सिनेमातला असल्यामुळे लोकांनी तेही चालवून घेतलं.

भाजीला जातानासुद्धा काका कोट आणि टाय घालत. मे महिन्यात, जयपूरच्या उन्हात, जेव्हा गल्लीतली कुत्रीदेखील नालीत जाऊन बसत, तेव्हा काका टाय सारखा करत मंडीकडे निघालेले दिसायचे. माझी आई म्हणायची, "भाऊजी, उकडून नाही राहिलं का तुम्हाला?" त्यावर ते म्हणत, "वहिनी, खऱ्या डॉक्टरनं बनियनवर फिरलं तरी चालतं. खोट्याला सोय नाही." कपडे स्वतःचे असतील तर निर्माते खूश असत, म्हणून त्यांनी एक चामडी बॅगही घेऊन ठेवली होती. शूटिंग नसलं की तीच बॅग भाजीला. बॅगेतून मुळ्याचा पाला बाहेर आलेला आणि काका गंभीर चेहऱ्याने चाललेले, हे पाहून नवखे लोक बाजूला होऊन वाट देत.

काकांच्या मते सिनेमात डॉक्टर तीनच प्रकारचे असतात. मुबारकवाला, इंजेक्शनवाला आणि अफसोसवाला. मुबारकवाला बॅग उघडतच नाही, कारण सून फक्त चक्कर येऊन पडलेली असते. इंजेक्शनवाला सुई वर धरून थेंब उडवतो आणि मग कॅमेरा खिडकीकडे जातो. अफसोसवाल्याला सगळ्यात मान. "दारातून आत येताना बॅग कुठल्या हातात आहे, त्यावर पब्लिकला कळलं पाहिजे," असं ते मला समजावून सांगत. मी तेव्हा शाळेत होते. मला ते कधीच कळलं नाही, पण मी मान डोलवायची. दूध तापत ठेवलं की ते ओट्यापुढे उभं राहून पातेल्याला सांगत, "अफसोस, मैं देर से पहुँचा." आणि तेवढ्यात दूध उतू जाई.

गल्लीच्या टोकाला माथुरसाहेबांचं कुटुंब राहायचं. त्यांच्या सुनेला लग्नानंतर बरीच वर्षं मूल नव्हतं. शेवटी दिवस राहिले. बाबांनीच तपासलं आणि आपल्या पद्धतीने सांगितलं, "ठीक है. आयरन खाइए." एवढंच बोलून ते इस्पितळात निघून गेले. सुनेच्या सासूबाई, ज्यांना आम्ही सगळे माँजी म्हणत असू, त्या दुपारी काकांच्या दारात आल्या. म्हणाल्या, "डॉक्टर साहब, वो तो बता के चले गए. पर ऐसी बात ऐसे थोड़े ही बताते हैं. आप आकर ढंग से बोल दीजिए."

काकांनी आढेवेढे घेतले नाहीत. कोट घातला, टाय बांधला, बॅग डाव्या हातात घेतली आणि गेले. सून लाजून पलंगावर बसली, नवरा दाराशी उभा राहिला, सगळं घर जमलं. काका आतल्या खोलीत गेले, पडदा सारून बाहेर आले, क्षणभर थांबले आणि हसून म्हणाले, "मुबारक हो. मुँह मीठा कराइए." माँजींनी डोळ्यांना पदर लावला. काका लाडूंचा डबा घेऊन परत आले आणि त्यातला अर्धा आमच्याकडे पाठवला. बाबांनी लाडू खाल्ला, पण नंतर बराच वेळ ते वर्तमानपत्राचं एकच पान वाचत होते.

तरीही काकांच्या कामात काहीतरी खरं असावं असं बाबांना मनापासून वाटे. एकदा काकांनी विचारलं, "डॉक्टर, एक दिवस तुमच्या वॉर्डात येऊ का? कोपऱ्यात उभा राहीन." बाबा मनातून सुखावले आणि त्यांना घेऊन गेले. काका सकाळभर हात मागे बांधून बाबांच्या पाठोपाठ हिंडले. पुढच्या वर्षी तो सिनेमा जयपुरात लागला आणि आम्ही सगळे पाहायला गेलो. पडद्यावर काका पेशंटच्या खोलीतून बाहेर आले. त्यांनी चष्मा काढला, टायच्या टोकाने सावकाश पुसला, उजेडाकडे धरून पाहिला, परत घातला आणि मग वाईट बातमी सांगितली. माझा धाकटा भाऊ अंधारात मोठ्याने म्हणाला, "आई, हे तर बाबा."

तिथून बाबांचे दिवस कठीण गेले. चष्मा पुसण्याची त्यांची सवय वीस वर्षांची होती. पण आता इस्पितळात त्यांनी चष्म्याला हात लावला की सिस्टर एकमेकींकडे बघत. एक वॉर्डबॉय दुसऱ्याला म्हणाला, "साहब ने भी वो पिक्चर देख ली है, मतलब पूरी नकल कर रहे हैं." हे बाबांच्या कानावर आलं. त्यांनी चष्मा पुसणंच सोडलं. धूळ बसलेल्या काचांतून जग बघत फिरू लागले आणि काकांशी बोलणं बंद केलं. शेवटी आईच वैतागली. "पुसा हो आता तो चष्मा. समोर बायको उभी आहे ते दिसून नाही राहिलं तुम्हाला." मग एका रविवारी काका स्वतःच मेथीची भाजी घेऊन आले आणि दारात उभे राहून म्हणाले, "डॉक्टर, चोरी केली हे खरं. पण दुसऱ्या कुणाची करावीशी वाटली नाही." बाबांनी चष्मा काढला, पुसला आणि त्यांना बसायला सांगितलं.

शरयूमावशी मात्र काकांचे सिनेमे बघत नसत. गल्लीतल्या बायका थिएटरला निघाल्या की त्यांना हाक मारत, आणि त्यांचं उत्तर ठरलेलं असे, "घरी बघते तेवढे पुरेत." काका त्यावर हसत, पण आपण काम केलेल्या सिनेमाची गोष्ट घरी सांगताना ते मावशींकडे बघत नसत, पातेल्याकडे बघत. मावशी कडक होत्या. कॉलेजात त्या व्हरांड्यातून चालत आल्या की मुली वेण्या पुढे-मागे करत सरळ उभ्या राहत. मी त्यांच्याच वर्गात होते. एक दिवस निरोप आला, बाईंचं डोकं दुखतंय, तास होणार नाही. आम्हा मुलींना आनंदच झाला आणि आम्ही दुपारच्या खेळाला गेलो. सिनेमा काकांचा होता. काका पडद्यावर आले तेव्हा मी सहज बाजूला पाहिलं, तर पुढच्या रांगेत कडेला शरयूमावशी बसलेल्या. एकट्या. पाठ ताठ, पर्स मांडीवर, आणि काका जे बोलत होते ते त्यांच्या ओठांवर चाललेलं.

मध्यंतरात त्यांनी मला पाहिलं. पळायला जागा नव्हती.

"बेबी, माझं डोकं दुखतंय म्हणून मी घरी आहे," त्या म्हणाल्या.

"हो मावशी."

"आणि तू?"

"मी लायब्ररीत आहे."

"बरं." त्यांनी पर्समधून शेंगदाण्याची पुडी काढून माझ्यापुढे धरली. थोड्या वेळाने म्हणाल्या, "यांना सांगू नकोस. बायको बघतेय हे कळलं की माणूस जास्त करायला लागतो. हे आधीच बरंच करतात."

मी कुणाला सांगितलं नाही.

त्यानंतरच्या हिवाळ्यात काकांच्या आयुष्यातली मोठी गोष्ट घडली. मुंबईची एक कंपनी शूटिंगसाठी जयपूरला आली. शहराबाहेर कानोता गावाच्या बाजूला एका जुन्या गढीत त्यांचा मुक्काम पडला. सिनेमात हिरॉइनचा बाप ठाकूर होता आणि ते काम करणारा नट आयत्या वेळी आजारी पडला. दिग्दर्शकाला आठवलं की आपल्या ओळखीचे एक गृहस्थ जयपुरातच राहतात. त्याने गाडी पाठवली. काका संध्याकाळी परत आले ते आमच्याच घरात शिरले.

"वहिनी, ठाकूर. पहिल्या रिळापासून शेवटच्या रिळापर्यंत ठाकूर. मुलीला घराबाहेर काढतो, पस्तावतो आणि मरतो." ते खुर्चीवर बसले आणि जरा दम घेऊन म्हणाले, "शेवटी मी मरणार, आणि नाडी दुसरा कुणी बघणार."

त्यांना इतकं खूश झालेलं मी कधी पाहिलं नव्हतं. शूटिंगला अजून अवकाश होता, तोवर त्यांनी मिशा वाढवल्या. कोट खुंटीवर गेला. भाजीवाल्याशी ते खालच्या आवाजात, एक भुवई वर करून बोलू लागले. त्याने घाबरून कोथिंबीर जास्त घातली. बाबा म्हणाले, "मिशी बरी दिसते." बाबांच्या तोंडून एवढं म्हणजे पुष्कळ झालं. पुढच्या रविवारी मुख्य प्रसंगाचं शूटिंग होतं, तेव्हा आख्खी गल्ली पुऱ्या आणि बटाट्याची भाजी बांधून लॉरीत बसून कानोत्याला निघाली. शरयूमावशीही निघाल्या. कुणी विचारायच्या आत म्हणाल्या, "घरी बसून तरी काय करू."

गढीच्या पायऱ्यांवर काका उभे होते. केशरी फेटा, गळ्यात मोत्यांची माळ, कमरेला तलवार. खाली अंगणात हिरॉइन बोचकं छातीशी धरून उभी. दोरीच्या अलीकडे आम्ही आणि आसपासच्या गावांतली माणसं, मोठी गर्दी. दिग्दर्शकाने सगळ्यांना गप्प राहायची विनंती केली. कबुतरं सोडली तर कसलाही आवाज नव्हता. काका एक पायरी खाली आले, हात वर केला आणि म्हणाले, "आज से इस हवेली में तेरा नाम..."

"दादी, डॉक्टर साब," एक बारीक आवाज आला. "मैं सुई नहीं लगवाऊँगा."

तो माथुरांचा बबलू होता. काकांनी ज्याची बातमी दिली होती तोच, आता चार वर्षांचा. घरात ऐकलं नाही की त्याला या डॉक्टर साहेबांची भीती घालत. पोरगं माँजींच्या मांडीत तोंड खुपसून रडायला लागलं. आधी आमची गल्ली हसली. मग गावातली माणसं काकांकडे नीट बघू लागली. त्यांनीही कुठेकुठे सिनेमे पाहिले होते. "अरे हाँ, ये तो वो ही डागदर है," असं इकडून तिकडे गेलं आणि सगळं अंगण हसलं. त्यात वाईट काही नव्हतं. घरचा माणूस सोंग घेऊन समोर आला की हसतात, तसं ते हसू होतं. म्हणूनच ते थांबेना.

दुसऱ्यांदा शॉट लावला तेव्हा लोकांनी प्रेमापोटी श्वास रोखून धरला. कुणीतरी पदरात फिसकलं. तिसऱ्यांदा हिरॉइनच हसली. मग गर्दीला गढीबाहेर काढलं, पण तोवर उशीर झाला होता. त्या मुलीने मिशीकडे पाहिलं की तिच्या गालाला खळी पडायची. तिने माफी मागितली, पाणी घेतलं, पाठ फिरवून मन घट्ट केलं, जमलं नाही. उन्हं उतरली. दिग्दर्शक पायऱ्या चढून काकांपाशी गेला आणि हळू आवाजात म्हणाला, "डॉक्टर साहब, बात यह है कि..." आणि तिथेच थांबला. त्यानेही काय हाक मारली ते त्याच्या लक्षात आलं होतं.

काका त्याच वेषात बाहेर आले. माँजी रडत होत्या. त्यांनी बबलूला पुढे करून पाया पडायला लावलं. काकांनी त्याला उचललं, तलवार मागे सारून कट्ट्यावर बसले आणि म्हणाले, "आ करो." त्याचा घसा पाहिला. "बिलकुल ठीक है," असं सांगून त्याला खाली ठेवलं. लॉरी परत निघाली. पुऱ्या तशाच घरी आल्या.

दुसऱ्या दिवशी कंपनीचा माणूस आला. ठाकुराच्या कामासाठी मुंबईहून दुसरे कुणी येणार होते. सिनेमाचा शेवट बदलला होता, आता ठाकुराऐवजी हिरॉइन मरते, आणि तिथे एक डॉक्टर आहे. तो तुम्ही कराल का, असं त्याने चाचरत विचारलं. काका म्हणाले, कळवतो. तो गेल्यावर बाबा तरातरा शेजारी गेले. माझे वडील फार मोजकं बोलत, पण त्या दिवशी भिंतीपलीकडून त्यांचा आवाज आम्हाला ऐकू आला. "नाही म्हणून सांगा. स्पष्ट नाही म्हणा. माणसाला काही किंमत आहे की नाही?" काकांचं उत्तर ऐकू आलं नाही. ते नंतर घराबाहेर पडलेच नाहीत. शरयूमावशी स्वतः पिशवी घेऊन भाजीला जाताना दिसल्या, तेव्हा गल्लीला कळलं की गोष्ट साधी नाही.

मग एका संध्याकाळी मावशींनी आम्हाला सगळ्यांना बोलावलं. त्यांच्या अंगणात बाज टाकली होती. काका आपल्या खोलीतून बाहेर आले, आम्हाला पाहून गोंधळले.

"तो ठाकुराचा प्रसंग करा," मावशी म्हणाल्या.

"शरयू, कशाला आता?"

"मला बघायचाय. तिथे पुरा पाहायला मिळाला नाही."

काकांनी थोडा वेळ त्यांच्याकडे पाहिलं. मग आत जाऊन मावशींच्या एका जुन्या लुगड्याचा फेटा बांधून आले. उंबऱ्यावर उभे राहिले आणि सगळा प्रसंग केला. मुलीला घराबाहेर काढलं, तिचं नाव टाकलं, पाठ फिरवली, आणि पाठ फिरवल्यावर खांद्यांतून रडले. आम्ही कुणी हसलो नाही. आईने डोळे पुसले. पण खरं सांगायचं तर तो ठाकूर जमला नव्हता. हात वर केला की वाटे, आता नाडी बघणार. आवाज कितीही खाली नेला तरी त्यात धीर देणारं काहीतरी उरत होतं.

काकांनी विचारलं, "शरयू, खरं सांग. काय दिसलं?"

मावशींनी त्यांना नीट निरखून पाहिलं. मग म्हणाल्या, "फेटा बांधलेला डॉक्टर."

बाबा बाजेवरून अर्धे उठले. काकांनी फेटा सोडला, एक टोक माझ्या हातात दिलं आणि आम्ही दोघं तो घडी करू लागलो. लुगडं नऊवारी, घड्या संपेनात. घडी करता करता ते म्हणाले, "म्हणजे ती माणसं बरोबरच हसली."

"घरचा माणूस म्हणून हसली," मावशी म्हणाल्या. "तुमचे सगळे डॉक्टर मी पाहिलेत. त्यातला एकही फेटा बांधलेला ठाकूर वाटला नाही, आणि त्याचं मला कधी वाईटही वाटलं नाही."

काकांच्या हातातली घडी सुटली. "सगळे? कधी पाहिलेस?"

"माझं डोकं दुखतं तेव्हा."

काकांचा चेहरा असा झाला की मला तिकडे बघवेना. ते म्हणाले, "इतकी वर्षं बोलली नाहीस."

"तुम्ही विचारलं नाहीत," मावशी म्हणाल्या आणि चहा टाकायला आत गेल्या.

सकाळी काकांनी मिशा काढल्या आणि कंपनीला होकार कळवला.

सिनेमा जयपुरात लागला तेव्हा पहिल्याच आठवड्यात आम्ही गेलो. या खेपेला मावशी काकांच्या शेजारी बसल्या. मुंबईचे ठाकूर देखणे होते, तलवार त्यांना शोभत होती, आणि त्यांच्याबद्दल आज मला एवढंच आठवतं. शेवटी हिरॉइन पलंगावर, ठाकूर पायाशी, आणि दारातून काका आले. नाडी पाहिली. आम्ही सगळे "अफसोस" ऐकायला तयार होतो. काका तो शब्द बोललेच नाहीत. त्यांनी मुलीचा हात हळूच खाली ठेवला, तिच्या पावलांवरची चादर सारखी केली आणि ठाकुराकडे पाहिलं. ठाकूर नजर चुकवू लागला तरी ते पाहत राहिले. मग बॅग उचलून निघून गेले. थिएटरात दाणे फोडण्याचे आवाज बंद पडले होते.

टांग्यातून परतताना बाबांनी चष्मा पुसून परत घातला. मग म्हणाले, "नाडी दोन बोटांनी पाहिलीत."

"होय की," काका म्हणाले. "पहिल्यांदाच लागली. काय जोरात चालली होती. पोरगी अजून हसू दाबत होती."

त्यानंतर काकांना कामं मिळाली, पण विरळ होत गेली. सिनेमाच बदलला. काका म्हणायचे, "आता पेशंटला घरी मरायची परवानगी राहिली नाही. थेट ऑपरेशन थिएटर. डॉक्टरच्या तोंडाला फडकं बांधलेलं. चेहराच दिसायचा नसेल तर इतक्या लांबून मला कशाला बोलावतील?" ते तक्रारीच्या सुरात बोलत नसत. त्यांना ते पटलेलं होतं. सहाव्या दशकाच्या शेवटी मावशी निवृत्त झाल्या आणि दोघांनी सांगलीला जायचं ठरवलं.

दुपारची गाडी होती. आम्ही सगळे स्टेशनवर पोचवायला गेलो. माँजींनी घेवर बांधून दिला होता, आईने वाटेसाठी पोळ्या. बाबा इस्पितळातून परस्पर आले आणि नेहमीसारखे थोडे बाजूला उभे राहिले. निरोप कसा घ्यायचा हे त्यांना कधीच येत नसे. काकांनी त्यांचा हात हातात घेतला तेव्हा ते म्हणाले, "सांगलीला दमटपणा असेल. छाती सांभाळा." तेवढ्यात टी.सी. धावत आला. शेजारच्या डब्यात एक बाई चक्कर येऊन पडली होती. तो सरळ काकांपुढे हात जोडून म्हणाला, "डॉक्टर साहब, ज़रा देख लीजिए."

काकांनी बाबांकडे बोट केलं. टी.सी.ला ते फारसं पटलं नाही, पण बाबा तोवर डब्यात चढलेही होते. काकाही त्यांच्या मागून गेले, बाईच्या घरच्यांना धीर द्यायला. शिट्टी झाली. मावशी आपल्या डब्याच्या दारातून मागे बघत होत्या. गाडी हलली, आणि बाबा काही उतरले नाहीत. आम्ही प्लॅटफॉर्मवर हात वर करून उभे राहिलो, आणि एका खिडकीतून काका आम्हाला खुणेने सांगत होते, काळजी करू नका, डॉक्टर बरोबर आहे.

बाबा वाटेतल्या फुलेऱ्याला उतरून संध्याकाळपर्यंत येतील असं वाटलं होतं. ते आले दुसऱ्या दिवशी सकाळी. अजमेरपर्यंत गेले होते. आईने विचारलं, "फुलेऱ्याला का नाही उतरले?"

"पेशंटला अर्ध्यात टाकून कसं उतरणार?" बाबा म्हणाले आणि आंघोळीला गेले. अजमेरपर्यंतच्या त्या चार-पाच तासांत दोघं काय बोलले, हे त्यांनी कधी सांगितलं नाही.

काका दोनेक वर्षांनी सांगलीतच गेले. माझं तोवर लग्न होऊन मी महाराष्ट्रात आले होते, म्हणून मावशींना भेटायला गेले. त्या तशाच ताठ बसल्या होत्या. जयपूरच्या गोष्टी निघाल्या, स्टेशनवरचा तो गोंधळ निघाला. मी म्हटलं, "त्या बाईंमुळे बाबांना अजमेरपर्यंत यावं लागलं."

मावशींनी माझ्याकडे जरा चकित होऊन पाहिलं.

"ती बाई तर फुलेऱ्यालाच उतरली," त्या म्हणाल्या. "तिचं माहेर होतं तिथे."